कॅमेरा मालकाचा, घाम कलावंताचा

१२ मार्च २०२२. सोलच्या ऑलिम्पिक स्टेडियममध्ये बीटीएस या सात जणांच्या गटाचा कार्यक्रम होता. कोविडचे निर्बंध पुरते उठले नव्हते, त्यामुळे त्या अफाट मैदानात १५,००० प्रेक्षकांनाच प्रवेश मिळाला. त्यांनाही ओरडायला, उभे राहायला, कलाकारांच्या सुरात सूर मिसळायला मनाई होती. दाद द्यायची ती हातातला घडीचा कागद आपटून. त्याच दिवशी ७५ देश-प्रदेशांतल्या ३,७११ चित्रपटगृहांत हा कार्यक्रम दाखवला गेला. भारतात तो पीव्हीआरच्या पडद्यांवर आला. एका दिवसात जगभरात ३ कोटी २६ लाख डॉलरची तिकिटे खपली. मैदानात प्रत्यक्ष बसलेल्यांना गप्प राहायचे होते, आणि हजारो मैलांवर अंधारात पडद्यासमोर बसलेल्यांना गाता येत होते. मग तो कार्यक्रम झाला कुठे? त्याचा प्रेक्षक कोणता?

या दोन प्रश्नांतून या पुस्तकाचा विषय उभा राहतो. कोरियन पॉप कलावंतांवर निघालेले माहितीपट, दौऱ्यांचे चित्रपट आणि कॉन्सर्ट फिल्म यांचा एकत्र, नीट आणि मराठीतून विचार व्हावा, हा त्यामागचा हेतू आहे. ज्यांनी यांतला एकही चित्रपट पाहिलेला नाही अशा वाचकांचे येथे स्वागत आहे. आणि जिच्या कपाटाच्या दाराला आतून फोटोकार्डे चिकटवलेली आहेत त्या मुलीचेही तितकेच स्वागत आहे. पहिल्यांना या प्रस्तावनेतून वाट दिसावी, दुसरीला आपल्याच आवडीकडे आणखी जवळून पाहता यावे.

हे पुस्तक पिंपरीत आकाराला आले, आणि या गावाचा या विषयाशी संबंध आहे. १९५४ साली हिंदुस्तान अँटिबायोटिक्स येथे उभी राहिली, साठच्या दशकात आकुर्डीला बजाज आणि पिंपरीला टेल्को आली, आणि पुढे कारखान्यांची रांग भोसरी, चाकण, तळेगावपर्यंत लांबत गेली. कोरिया आमच्याकडे आधी आला तो गाण्यांतून नव्हे, कारखान्यांतून. चाकणला ह्युंदाईची खोदकाम-यंत्रे तयार होतात. रांजणगावला एलजीचा कारखाना आहे. तळेगावचा जनरल मोटर्सचा कारखाना घेण्याचा करार ह्युंदाईने ऑगस्ट २०२३ मध्ये केला. उलट दिशेनेही ये-जा झाली. महिंद्राने २०११ मध्ये सँगयाँग ही कोरियन मोटार कंपनी ताब्यात घेतली, आणि काही वर्षांनी तिची रेक्स्टन ही गाडी अल्टुरास या नावाने चाकणला जोडली जाऊ लागली.

या पट्ट्यात वाढलेली मुले-मुली आज ही गाणी ऐकतात, कॉलेजच्या गॅदरिंगला त्यांवर नाचतात, युट्यूबवर तासन्‌तास सरावाचे व्हिडिओ पाहतात. त्यांच्या घरी फर्स्ट शिफ्ट, नाइट शिफ्ट, ओव्हरटाइम, ट्रेनी, कंत्राटी, टार्गेट हे शब्द चहा-साखरेइतके रोजचे आहेत. कोरियन पॉपच्या माहितीपटांतले जगही याच शब्दांनी चालते. तिथेही कोवळ्या वयाचे ट्रेनी असतात, महिन्याच्या महिन्याला चाचणी असते, करार असतो, आणि पहाटेपर्यंत चालणारा सराव असतो. म्हणून इथल्या प्रेक्षकापाशी हे चित्रपट समजून घेण्याची एक तयारी आधीपासूनच आहे. ती ओळखावी, तिच्यावर विश्वास ठेवावा आणि तिला अभ्यासाची शिस्त लावावी, असे आम्हांला वाटते.

चित्रपटाचा इतिहास सांगणारे बहुतेक जण कारखान्याच्या फाटकापासून सुरुवात करतात. १८९५ साली लुई ल्युमिएरने फ्रान्समधल्या ल्योन शहरात सुट्टी होऊन बाहेर पडणारे कामगार टिपले. जेमतेम पाऊण मिनिटाचा तो तुकडा आहे. कारखाना ल्युमिएर कुटुंबाचा, कामगार त्यांचेच आणि कॅमेराही त्यांचाच. बरोबर शंभर वर्षांनी, १९९५ मध्ये, हारून फारोकी या जर्मन दिग्दर्शकाने त्याच दृश्याभोवती एक चित्रपट केला. त्याने दाखवून दिले की चित्रपटाने पुढच्या शतकात कामगाराला बहुधा काम संपल्यावर, फाटकाबाहेरच गाठले आहे. आतले काम पडद्यावर फारसे आलेच नाही.

कोरियन पॉपचा माहितीपट या इतिहासात एक वेगळी गोष्ट करतो. मालकाचा कॅमेरा येथे फाटकाबाहेर थांबत नाही. तो सरावाच्या खोलीत जातो, गाडीत शेजारी बसतो, मेकअपच्या आरशामागे उभा राहतो, रंगमंचावरून धापा टाकत खाली येणाऱ्या कलावंताला अंधारात गाठतो. काम हाच त्याचा विषय आहे. मात्र हे काम दाखवतो तोच, जो ते करवून घेतो आणि ज्याला त्यातून मिळकत होते. या पुस्तकाचे सगळे म्हणणे एका वाक्यात मावते: या चित्रपटांत कॅमेरा मालकाचा असतो आणि घाम कलावंताचा, आणि हे दोन्ही एकाच वेळी पाहायला शिकणे म्हणजेच हा अभ्यास.

संगीतावरच्या माहितीपटांची जी परंपरा आपण पाश्चात्त्य म्हणून ओळखतो, तिच्याशी तुलना केली की हा मुद्दा ठळक होतो. बॉब डिलनच्या १९६५ च्या इंग्लंड दौऱ्यावरचा डी. ए. पेनेबेकरचा ‘डोन्ट लुक बॅक’, १९७० चा ‘वुडस्टॉक’, टॉकिंग हेड्स या गटावरचा जोनाथन डेमीचा १९८४ चा ‘स्टॉप मेकिंग सेन्स’ हे चित्रपट दिग्दर्शकांच्या नावाने ओळखले जातात. कोरियन पॉपचे चित्रपट ओळखले जातात ते गटाच्या नावाने, आणि त्यामागे कंपनी असते. एसएम १९९५ मध्ये, वायजी १९९६ मध्ये, जेवायपी १९९७ मध्ये आणि पुढे हाइब झालेली बिग हिट २००५ मध्ये सुरू झाली. या कंपन्या मुले निवडतात, त्यांना शिकवतात, गट बांधतात, गाणी काढतात, दौरे आखतात, आणि या सगळ्याचे चित्रीकरण करून ते आपल्याकडे ठेवतात. नाव होण्याच्या कितीतरी आधीपासून कलावंताचे वाढणे कंपनीच्या ताब्यातल्या टेपांवर जमा होत असते. एसएमच्या कलावंतांनी २०११ मध्ये न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये जो कार्यक्रम केला, त्यावरच्या २०१२ च्या ‘आय ॲम’ या चित्रपटात सराव-काळातली जुनी चित्रे आणि भरलेल्या सभागृहातला सोहळा यांची सांगड घातली आहे. आधी लहान मूल, मग गर्दी, आणि दोन्हींच्या मधोमध कष्ट. पुढच्या कितीतरी चित्रपटांनी हाच साचा उचलला.

नोव्हेंबर २०१८ मध्ये आलेला ‘बर्न द स्टेज’ हा या क्षेत्रातला मोठा टप्पा. बीटीएसच्या २०१७ च्या दौऱ्याचा हा चित्रपट जगभरच्या चित्रपटगृहांत मोजक्या खेळांसाठी लागला आणि वितरकांना एक गोष्ट कळून चुकली: हा प्रेक्षक आठवडाभर थोडा थोडा येत नाही, ठरलेल्या दिवशी एकदम येतो. त्यानंतर बीटीएसचेच ‘लव्ह युवरसेल्फ इन सोल’ आणि ‘ब्रिंग द सोल’ २०१९ मध्ये, ‘ब्रेक द सायलेन्स’ २०२० मध्ये आले. नेटफ्लिक्सवर ऑक्टोबर २०२० मध्ये ब्लॅकपिंक या मुलींच्या गटावरचा ‘लाइट अप द स्काय’ आला. फेब्रुवारी २०२३ मध्ये बीटीएसचा ‘येट टू कम इन सिनेमाज’ आला, त्याची कथा वेगळ्या अर्थाने लक्षात ठेवण्यासारखी आहे. तो कार्यक्रम १५ ऑक्टोबर २०२२ रोजी बुसान शहरात झाला, आणि दोनच दिवसांनी कंपनीने जाहीर केले की गटातले सदस्य सक्तीच्या लष्करी सेवेसाठी जाणार. चित्रपट पडद्यावर आला तेव्हा गटातला थोरला, जिन, सैन्यात दाखल झालेला होता. कॉन्सर्ट फिल्म येथे कलावंताच्या गैरहजेरीत त्याची जागा भरून काढत होती.

यांतली दोन दृश्ये मी जवळून दाखवू इच्छिते, कारण या अभ्यासाची पद्धत त्यांतून सहज उलगडते.

पहिले दृश्य ‘ब्रिंग द सोल’मधले. ऑक्टोबर २०१८, लंडनचे ओटू अरेना. कार्यक्रमाच्या काही वेळ आधी गटातल्या सर्वांत धाकट्याच्या, जंगकुकच्या, टाचेला दुखापत झाली. नाचायला मनाई झाली. त्याला रंगमंचावर खुर्ची दिली गेली. तो बसून गातो आहे आणि बाकीचे सहा जण नाचत आहेत. चेहऱ्यावर अपराधीपणा आहे, डोळे भरून आलेले आहेत, आणि समोरची गर्दी त्याच्या नावाचा घोष करते आहे. प्रेक्षक म्हणून आपलेही डोळे भरतात, आणि त्यात काही खोटे नाही. पण चित्रपट हे दुखणे कसे मांडतो तेही पाहायला हवे. पॅरिसमध्ये दौऱ्याचा युरोपातला टप्पा आटोपल्यावर सातही जण एका गच्चीवर जेवायला बसलेले आहेत, हसत-बोलत मागचे दिवस आठवत आहेत, आणि त्या पंगतीच्या गप्पांतून लंडन आपल्यासमोर येते. म्हणजे जखम दिसायच्या आधीच ती भूतकाळात गेलेली असते. दमणूक संपल्यावर सांगितली की ती गोड लागते. चालू असताना सांगितली तर ती तक्रार होते. रचनेने येथे तक्रारीची आठवण केली आहे. किती दिवसांत किती कार्यक्रम होते, वेळापत्रक कोणी आखले, थांबण्याचा अधिकार कोणाकडे होता, हे प्रश्न त्या पंगतीत येत नाहीत. तरी खुर्ची चौकटीत आहे, टाच आहे, रडवेला चेहरा आहे. चित्रपटाला जे म्हणायचे नव्हते त्याचा पुरावाही त्याच्याच पोटात जपलेला आहे.

दुसरे दृश्य ‘लाइट अप द स्काय’मधले. दिग्दर्शक कॅरोलाइन सू या कंपनीबाहेरच्या आहेत. त्याआधी त्यांनी ‘सॉल्ट, फॅट, ॲसिड, हीट’ ही खाद्यसंस्कृतीवरची मालिका केली होती. ब्लॅकपिंकच्या चौघींनी, म्हणजे जिसू, जेनी, रोझे आणि लिसा यांनी, पदार्पणाआधी प्रत्येकी चार ते सहा वर्षे कंपनीत प्रशिक्षण घेतले. त्या काळातल्या त्यांच्या चाचण्यांच्या टेपा त्यांना दाखवल्या जातात. आपलेच किशोरवयातले रूप पाहून त्या लाजतात, हसतात, तोंडावर हात घेतात. फार सुंदर प्रसंग आहे. त्यात एक गोष्ट मात्र पुन्हा पाहताना ध्यानात येते. ती टेप त्यांच्या घरच्या अल्बममधली नाही, कंपनीच्या संग्रहातली आहे. आपले बालपण पाहायलाही कंपनीचे कपाट उघडावे लागते. आणि त्याच खोल्यांत त्यांच्या बरोबरीने शिकलेल्या, महिन्याच्या चाचणीत गळलेल्या मुलींविषयी चौघी हळवेपणाने बोलतात. त्या मुली स्वतः मात्र पडद्यावर नाहीत. कोण आत राहिले आणि कोण फाटकाबाहेर पडले, याचा हिशेब प्रत्येक प्रशिक्षणाच्या गोष्टीत मांडावा लागतो.

कंपनीच्या कॅमेऱ्याशिवाय आणखी दोन कॅमेरे या क्षेत्रात आहेत, आणि अभ्यासकाने तिन्ही शेजारी ठेवून पाहावेत. दुसरा कॅमेरा परक्याचा. ली हाक-जून या पत्रकाराने नाइन म्यूझेस या मुलींच्या गटाच्या मागे राहून २०१२ मध्ये ‘नाइन म्यूझेस ऑफ स्टार एम्पायर’ हा माहितीपट केला. गट अजून नावारूपाला यायचा आहे, व्यवस्थापक मुलींवर खेकसतात, मुली थकतात, एखादी निघून जाते, आणि यशाची खात्री कुठेच नाही. येथे भरलेले मैदान शेवटी येऊन सगळे गोड करत नाही. कंपनीने तयार केलेले चित्रपट पाहून झाल्यावर हा पाहिला की पहिल्यांदा लक्षात येते, आपण आजवर ज्यांची गोष्ट पाहत होतो ते जिंकलेले होते.

तिसरा कॅमेरा चाहत्याचा, आणि मला सर्वाधिक आशा त्याच्याविषयी वाटते. ओ से-यन या तरुण दिग्दर्शिकेचा ‘फॅनॅटिक’ २०२१ मध्ये बुसानच्या चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. शाळकरी वयापासून ती ज्या गायकाची निष्ठावंत चाहती होती, त्याला लैंगिक गुन्ह्यात शिक्षा झाली. मग ती कॅमेरा घेऊन आपल्यासारख्याच चाहत्यांना भेटत निघाली. जपलेल्या वस्तूंचे काय करायचे, दिलेल्या प्रेमाचे काय करायचे, आपणही त्यात वाटेकरी होतो का, हे प्रश्न ती विचारते. कंपनी असा चित्रपट करू शकत नाही आणि परका पत्रकारही करू शकत नाही. तो करायला आधी प्रेम केलेले असावे लागते. चाहत्याच्या कॅमेऱ्याची ताकद त्याआधीही दिसली होती. २०१४ च्या उन्हाळ्यात आलेले इएक्सआयडी गटाचे एक गाणे जवळजवळ विसरले गेले होते. एका चाहत्याने हानी या सदस्येवर कॅमेरा रोखून टिपलेला कार्यक्रमाचा व्हिडिओ त्या शरद ऋतूत पसरला, आणि तेच गाणे वर चढत गेले. सगळा गट दाखवणाऱ्या अधिकृत चित्रीकरणाला जे जमले नाही, ते एकाच व्यक्तीवर खिळलेल्या नजरेने करून दाखवले.

मराठी वाचकाला हे सगळे दूरचे वाटू नये, म्हणून आपल्याच रंगभूमीकडे वळते. संगीत नाटक मंडळ्यांत लहान मुले घेतली जात, बिऱ्हाडात राहत, तालीम-मास्तरांच्या हाताखाली गाणे-बोलणे शिकत, आणि कंपनीबरोबर गावोगाव फिरत. नारायण श्रीपाद राजहंस बालगंधर्व झाले ते अशाच कंपनीच्या जगात, आणि त्यांचे चाहतेपणही आजच्या कोणत्याही चाहतेपणाहून कमी नव्हते. १९२१ चा ‘संयुक्त मानापमान’ पाहायला मिळावा म्हणून लोक काय वाटेल ते मोजायला तयार होते. त्या प्रयोगाविषयी आपण आठवणींतून वाचतो; तो पाहू शकत नाही. प्रभातने पुण्यात १९३५ मध्ये व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली ‘धर्मात्मा’ काढला आणि बालगंधर्वांना एकनाथांच्या भूमिकेत पडद्यावर आणले. पुढे बाबूराव पेंटरांच्या ‘साध्वी मीराबाई’त ते मीरा झाले. रंगभूमीवर सर्वस्व असलेला हा कलावंत पडद्यावर रुळला नाही. प्रेक्षकाच्या श्वासावर चालणारी कला प्रेक्षक नसलेल्या स्टुडिओत नेली की काय हरवते, हा प्रश्न आपल्याकडे तेव्हाच उभा राहिला होता. कॉन्सर्ट फिल्म त्याच प्रश्नाचे एक उत्तर आहे: ती प्रेक्षकाला चौकटीतून वगळत नाही, त्याची गर्जनाही ध्वनिपट्टीत मिसळते.

दुसरी परंपरा आणखी जवळची आहे. चाकणहून नाशिक रस्त्याने उत्तरेला गेले की नारायणगाव लागते. गुढीपाडव्याच्या सुमारास तिथे तमाशा फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे कारभारी जत्रेची सुपारी द्यायला येतात. फडमालकाकडून कलावंत हंगामाआधी उचल घेतो, आणि ती फेडेपर्यंत फडाशी बांधलेला राहतो. कोरियन कंपन्यांतही प्रशिक्षणाचा खर्च वळता करून घेईपर्यंत कलावंताच्या हाती फारसे न पडण्याची पद्धत अनेक ठिकाणी राहिली आहे. २००९ मध्ये एका गाजलेल्या गटातल्या तिघांनी आपल्या कंपनीच्या दीर्घ कराराला न्यायालयात आव्हान दिले, आणि त्याच वर्षी तिथल्या व्यापार आयोगाने सात वर्षांची मर्यादा असलेला नमुना करार आणला. तमाशातल्या विठाबाई नारायणगावकर पडद्यामागे बाळंत होऊन पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या, ही हकिगत महाराष्ट्रात आदराने सांगितली जाते. लंडनची ती खुर्ची पाहताना मला विठाबाई आठवतात. वेदना झाकून खेळ पुरा करणे याला आपण कलानिष्ठा म्हणतो, आणि ती असतेच. पण खेळ थांबवता आला असता का, हे विचारणे म्हणजे त्या निष्ठेचा अपमान नव्हे. सावित्री मेढातूल यांनी लावणी कलावंतांवर ‘नटले तुमच्यासाठी’ हा माहितीपट केला, तो या क्षेत्रातल्या विद्यार्थ्याने कोरियन चित्रपटांच्या शेजारी बसवून अवश्य पाहावा.

तसाच आणखी एक चित्रपट सुचवते. इम हुंग-सून या कोरियन कलावंताच्या ‘फॅक्टरी कॉम्प्लेक्स’ला २०१५ च्या व्हेनिस बिएनालेत रौप्य सिंह मिळाला. सोलच्या गुरो औद्योगिक वसाहतीत शिवणयंत्रांवर राबलेल्या मुलींपासून पुढच्या पिढ्यांतल्या स्त्री-कामगारांपर्यंतचा पट त्यात आहे. ज्या देशाने जगाला इतके झळाळते रंगमंच दिले, त्याच देशाने आधी तरुण मुलींच्या हातांवर आपली निर्यात उभी केली होती. हे कळल्यावर सरावाच्या खोलीतली शिस्त कुठून आली याचा अंदाज येऊ लागतो.

आता पद्धतीविषयी. हे चित्रपट एकदा मनापासून, चाहत्यासारखेच पाहावेत. गाणे आवडले तर आवडू द्यावे. दुसऱ्यांदा पाहताना सुरुवात शेवटच्या श्रेयनामावलीपासून करावी: निर्माता कोण, हक्क कोणाचे, चित्रीकरण कोणी केले. मग घड्याळाकडे लक्ष द्यावे: सराव कोणत्या वेळी चालला आहे, जेवण कधी होते, झोप कुठे होते. मग चौकटीच्या कडा पाहाव्यात. टॉवेल आणि पाण्याची बाटली घेऊन अंधारात उभा असलेला माणूस, तारा गुंडाळणारे हात, पोशाख शिवणारी बाई, यांच्याशिवाय एकही कार्यक्रम उभा राहत नाही. ज्यांच्या घरी कोणी लाइनवर काम करते असे विद्यार्थी या कडा फार लवकर पाहतात, हा माझा अनुभव आहे. त्यांना मुख्य पात्राइतकाच हेल्परही दिसतो. मग कान लावून ऐकावे: गर्दीचा आवाज कुठे वाढवला, कुठे अचानक बंद केला, कलावंताचा श्वास ऐकू दिला आहे की पुसला आहे. शेवटी जे नाही त्याची यादी करावी. पैसा, करार, आजार, मतभेद, सोडून गेलेले सोबती, घरची माणसे. या यादीतूनच उत्तम निबंध जन्माला येतात.

या क्षेत्रात दोन टोकांची मते ऐकू येतात. एका मते हे चित्रपट म्हणजे लांबलेली जाहिरात, आणि ते पाहून रडणारी मुले फसलेली. दुसऱ्या मते हा निव्वळ प्रेमाचा उत्सव, त्यात चिकित्सेला जागा नाही. दोन्हींत प्रेक्षकाला कमी लेखले जाते. चाहत्या मुली कोरियन लिपी शिकतात, बोलण्याची भाषांतरे करतात, एखादा तुकडा कोणत्या दिवशीचा, कोणत्या शहरातला हे पोशाखावरून आणि केसांच्या रंगावरून ओळखतात, विखुरलेले चित्रीकरण तारीखवार लावून ठेवतात. ग्रंथपाल, अनुवादक आणि पुराभिलेखपाल जे करतात तेच त्या करतात. या विषयाच्या पहिल्या अभ्यासक त्याच आहेत, आणि विद्यापीठांनी त्यांच्याकडून शिकायला हवे. प्रेमामुळे डोळे झाकले जातात असे आपण समजतो. ‘फॅनॅटिक’सारखा चित्रपट सांगतो की प्रेमामुळेच ते उघडे ठेवण्याची जबाबदारी येते.

पुस्तकाची मर्यादाही सांगायला हवी. स्पर्धकांना बाद करत जाणारे दूरचित्रवाणीवरचे कार्यक्रम येथे घेतलेले नाहीत, कारण त्यांची रचना आणि त्यांतले मतदान हा स्वतंत्र विषय आहे. कोरियन मालिका आणि कथापट घेतलेले नाहीत. २०२५ चा ‘केपॉप डीमन हंटर्स’ हा ॲनिमेशनपट लहान मुलांपर्यंत हे जग घेऊन गेला, त्याच्यावरही वेगळे लिहिले पाहिजे. उलट २०२४ मध्ये बुसान महोत्सवात आलेला बीटीएसमधल्या आरएमवरचा ‘राइट पीपल, राँग प्लेस’ आम्ही मुद्दाम घेतला आहे, कारण लष्करी सेवेआधीच्या महिन्यांत एकटा कलावंत स्वतःच्या अस्वस्थतेकडे कसा पाहतो हे त्यात दिसते, आणि गटाच्या गोष्टीतून व्यक्तीच्या गोष्टीकडे हे क्षेत्र कसे वळते आहे तेही कळते.

पुढे करण्यासारखे काम भरपूर आहे, आणि त्यातले बरेच येथेच करता येईल. आपल्या पट्ट्यातल्या चित्रपटगृहांत हे खेळ कसे झाले, तिकीट कोणी काढून दिले, नाइट शिफ्ट करून आलेले वडील सोबत आले का, दार उघडणाऱ्या कर्मचाऱ्यांनी काय पाहिले, याच्या मुलाखती आजच घ्यायला हव्यात. दहा वर्षांनी त्या मिळणार नाहीत. पुण्यात १९६४ साली स्थापन झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, पण प्रेक्षकाची आठवण संग्रहात आपोआप जात नाही, ती कोणीतरी लिहून काढावी लागते. नारायणगावच्या फडांतल्या कलावंतांना कोरियन माहितीपट दाखवून त्यांचे म्हणणे नोंदवावे. रंगमंचामागचा अंधार त्यांच्याइतका कोणाला माहीत आहे? ज्याला नृत्य कळते त्याने पायांच्या कामावर लिहावे, ज्याला ध्वनी कळतो त्याने आवाजाच्या मिश्रणावर लिहावे, ज्याला कामगार कायदा कळतो त्याने करारांवर लिहावे. या क्षेत्राला अजून कुंपण पडलेले नाही, आणि कोणत्याही दारातून आत येता येते.

घाई करण्याचे एक कारण आहे. हाइब कंपनीने २०२५ मध्ये मुंबईत आपली भारतीय शाखा सुरू केली. आजवर आपण दूर देशातल्या प्रशिक्षणाच्या गोष्टी पाहत होतो. यापुढे भोसरीची किंवा चिखलीची एखादी मुलगीही कंपनीच्या कॅमेऱ्यासमोर उभी राहील, आणि ती उभी राहावी, तिने जग जिंकावे, असेच मला मनापासून वाटते. त्या दिवशी तिच्या आई-वडिलांना, शिक्षकांना आणि तिला स्वतःला काही प्रश्न विचारता यायला हवेत. करार किती वर्षांचा? दुखापत झाली तर थांबवण्याचा अधिकार कोणाचा? खर्च कोणाच्या नावावर? आणि तिच्या बाराव्या वर्षीच्या या टेपा उद्या कोणाच्या मालकीच्या? चित्रपट नीट पाहायला शिकलेला समाज हे प्रश्न वेळेवर विचारू शकतो. त्यासाठी हे पुस्तक आहे. वाचकांनी ते वापरावे, त्याच्याशी वाद घालावा आणि पुढचे प्रकरण स्वतः लिहावे.